पट्टी धरणाऱ्याचं नाव

सोमवार, २

चार वर्षांनी पुन्हा रोजची नोंद लिहायला बसलोय, आणि तीही मोजणीच्या कोऱ्या वहीत. निवृत्त होताना खात्यातून दोन डझन वह्या उचलून आणल्या होत्या. ही कबुली या पानाबाहेर जाणार नाही.

कारण तसंच आहे. आज भंगारवाल्याच्या वखारीत जुना पंखा द्यायला गेलो आणि पंख्याच्या बदल्यात एक पेटी घेऊन आलो. आत पितळी दुर्बीण, तिपाई, आणि चार घड्यांची लाकडी पट्टी, शून्यापासून शंभरपर्यंत आकडे घातलेली. चौतीस वर्षं मी जमीन मोजली. उंची मोजायचं प्रत्येक यंत्र या हातांखालून गेलंय. पण असलं यंत्र बापजन्मात पाहिलं नव्हतं. पाण्याच्या बुडबुड्याच्या जागी काचनळीत मधाच्या रंगाचा एक थेंब आहे. तो उतारावरही हलत नाही.

झाकणाच्या आत एक कागद चिकटवलाय. वाचता आलं ते असं : ‘अदृश्य प्रवाहांच्या मोजणीसाठी. पट्टी धरणाऱ्याने अनवाणी उभे राहावे. पट्टी दोन्ही हातांनी धरावी. पट्टी धरणारा’ आणि पुढचं सगळं ओलीने खाल्लंय. ‘पट्टी धरणारा उंच असावा’ असंच काहीतरी असणार.

धाकटीला दाखवलं. धाकटी म्हणजे माझी बहीण. आमची ही गेली तेव्हा माझी मुलगी पाच वर्षांची होती. धाकटी आठ दिवसांसाठी म्हणून आली ती आज एकोणीस वर्षं इथेच आहे. मुलगी शिकली, लांब तिच्या घरी गेली. धाकटी राहिली. ती पेटीकडे बघून म्हणाली, “पंखा गेला आणि हे आलं. आता उकडलं की अदृश्य वारा घे.”

मंगळवार, ३

चालतं. यंत्र चालतं.

आधी पट्टी भिंतीला टेकवून ठेवली आणि दुर्बिणीतून पाहिलं. काही नाही. दाराला टेकवली, काही नाही. मग धाकटीला चपला काढून पट्टी धरायला लावली, आणि दुर्बिणीत पट्टीच्या तळापासून एक सोनेरी रेघ उठली आणि सावकाश वर चढून एकतीसवर थांबली. दुर्बिणीतून डोळा काढला की काही नाही, नुसती पट्टी. पुन्हा डोळा लावला की रेघ. भिंतीला टेकवलेली पट्टी ओळंब्यात नव्हती, म्हणून आधी चाललं नाही. पट्टी सरळ धरणं हाच मोजणीचा पाया आहे, हे मी नव्या पोरांना चौतीस वर्षं सांगत आलो.

दुपारपर्यंत सगळं घर मोजलं. पुढची पायरी ३१. मुलीची रिकामी खोली ५४ (खिडकी पूर्वेला आहे). स्वयंपाकघर अवघं ९. म्हणजे घरातली सगळ्यांत शांत जागा. धाकटीला म्हटलं, तुझी खाट तिथे हलव, झोप छान लागेल. ती म्हणाली, “दिवसभर तिथेच असते की. रात्री तरी सुटका असू दे.” माझ्या खुर्चीची नोंद राहिली, कारण यंत्र तिथेच मांडलं होतं.

“मला बघू दे ना ती रेघ,” ती म्हणाली. म्हटलं, मग पट्टी कोण धरणार?

गुरुवार, ५

आज घराबाहेर पडलो. रीतसर फेरी काढली : आमची पायरी, पाण्याची टाकी, शाळेचं फाटक, वाचनालय, पूल, पुलाखालचं पुस्तकं बांधणाऱ्या बाइंडरचं गाळेवजा दुकान, आणि परत आमची पायरी. जिथून निघायचं तिथेच संपवायचं, हा नियम. शेवटचा आकडा पहिल्याशी जुळला तर काम चोख.

टाकी १८, फाटक ४०, वाचनालय ४४, पूल ६७. आणि बाइंडरच्या दुकानासमोर त्र्याण्णव. मी तीनदा पाहिलं. रेघ नुसती चढली नाही, उसळली. पट्टी शंभरची. आमच्या खात्यात डोंगर पट्टीपेक्षा उंच निघाला की शेऱ्याच्या रकान्यात ‘पट्टी अपुरी’ असं लिहायचे. एखाद दिवशी या यंत्रावर तो शेरा लिहायला मिळाला तर मी सुखाने डोळे मिटीन.

बाइंडर बाहेर आला. पन्नाशी ओलांडलेला, हातांना खळ लागलेली, कमी बोलणारा माणूस. धाकटी अनवाणी उभी दिसली तसा आत जाऊन पुठ्ठा घेऊन आला आणि तिच्या पायांखाली ठेवला. मी तो काढायला लावला. यंत्राला जमीन लागते. धाकटी लाल झाली होती. ऊन फार होतं.

परतल्यावर आमच्या पायरीवर मात्र ३१ ऐवजी २२. नऊचा फरक. घाबरण्यासारखं काही नाही, फरक प्रत्येक मोजणीत येतोच. शिरस्त्याप्रमाणे तो सगळ्या ठिकाणांवर सारखा वाटून टाकला. नकाशा साफ झाला.

रविवार, ८

तीन फेऱ्या झाल्या. काय सांगू, मी विशीत असल्यासारखा उठतो. धाकटी दार वाजवायच्या आत माझे बूट घातलेले असतात. अफाट शोध आहे हा. पुलाखाली ऊर्जेचा झरा आहे आणि तो मला सापडलाय. काल बाइंडरचं दुकान बंद होतं तर तिथे नुसते ४६ आले. म्हणजे झऱ्याला भरती-ओहोटीही आहे. साप्ताहिक असावी.

आज बाइंडर भेटला. दुकान बंद करतोय. समुद्राकाठच्या एका मोठ्या ग्रंथालयाने जुनी पुस्तकं सांभाळायला बोलावलंय, तीस तारखेला निघायचं. मला म्हणाला, “तुमच्या बहिणीने काही सांगितलं का?”

धाकटीने तिची विणकामाच्या नमुन्यांची जुनी वही त्याच्याकडे तीन महिन्यांपूर्वी बांधायला दिली होती, तिच्याबद्दलच विचारत असणार. म्हटलं, विसरली असेल, विचारतो. तो म्हणाला, “नको, विचारू नका. तिला घाई करू नका. फक्त तीस तारीख लक्षात असू दे म्हणावं.”

घरी आल्यावर सांगितलं. धाकटी भांडं विसळत होती ती तशीच विसळत राहिली. एकच भांडं, किती वेळ. मी म्हटलं, वही घेऊन टाक की एकदाची.

बुधवार, ११

बोरू आला. बोरू म्हणजे खात्यातला माझा नकाशे काढणारा सोबती. त्याच्या हातात पेन असलं की रेषा आपणहून सरळ येते. त्याची बायको दोन वर्षांपूर्वी गेली, तेव्हापासून पेनाला हात लावत नव्हता. पण यंत्रातून धाकटीच्या पट्टीवरची रेघ दाखवली आणि गडी जागचा हलेना. म्हणाला, “अरे, हे तर जिवंत आहे.” लगेच कागद मागितला.

ठरलं. अठ्ठावीस तारखेला निवृत्त मोजणीदारांच्या मंडळात माझं व्याख्यान. भिंतभर नकाशा, कापडावर चढवलेला. खोलगट जागा निळ्या, उंच जागा तांबड्या. वीस वर्षं ज्यांनी मला ‘फरकवाले’ म्हणून चिडवलं ते तोंडात बोट घालतील.

धाकटी चहा घेऊन आली आणि कच्च्या नकाशापाशी थांबली. पुलाखालच्या तांबड्या डोंगराकडे बघत म्हणाली, “हे सगळ्यांना दाखवणार?”

“मग? लपवायला काढलाय का?”

“आणि पट्टी कोणी धरली ते?”

“ते कोण विचारतंय?”

ती आत गेली. बोरूने माझ्याकडे पाहिलं, मग चहाकडे.

एक बारीकशी काळजी आहे. पायरीवरचा शेवटचा आकडा रोज उतरतोय. २२, मग १९, मग १४. आज ११. सुरुवात मात्र रोज तीसच्या आसपास. वाटून टाकतो, पण वाटायला आता जास्त झालंय.

शनिवार, १४

भांडण. एकोणीस वर्षांत आमचं धड भांडण झालं नव्हतं. ती म्हणाली, तो पुलाखालचा डोंगर नकाशातून काढ. म्हटलं, का? ती म्हणाली, मी सांगते म्हणून. म्हटलं, चौतीस वर्षांत कोण्या मंत्र्याच्या सांगण्यावरून टेकडी हलवली नाही, तुझ्या सांगण्यावरून हलवू? ती म्हणाली, “दादा, तुला सगळं दिसतं. फक्त दुर्बिणीतून.”

आणि डोळ्याला पदर लावला. बायकांचं मला कळत नाही. संध्याकाळी तिने माझ्या रक्तदाबाच्या गोळ्या नेहमीसारख्या वाटीत काढून ठेवल्या, पाणी भरून ठेवलं. म्हणजे राग गेला असावा.

मंगळवार, १७

पक्का नकाशा कापडावर चढवायला बाइंडरकडे दिला. या कामात त्याचा हात धरणारा नाही. सोबत पेटीचं झाकणही दिलं : जुने कागद वाचण्यात तो तरबेज आहे, कागद ओला करून काचेवर धरतो आणि उडालेली शाई उठते म्हणे.

नकाशा टेबलावर पसरला आणि तो कितीतरी वेळ बघत राहिला. त्याचं दुकान ओळखायला काही वेळ लागला नाही. तांबडाबुंद डोंगर, आणि मध्ये त्याचं दुकान.

“पट्टी कोणी धरली होती?” त्याने विचारलं.

“धाकटीने. दुसरं कोण?”

“सगळीकडे?”

“सगळीकडे.”

मग तो खाली बसला. त्याचे कान लाल झाले होते. वयाने रक्तदाब होतोच, त्याला तपासून घ्यायला सांगितलं पाहिजे. नकाशाच्या कोपऱ्यातलं माझं नाव वाचून म्हणाला, “पट्टी धरणाऱ्याचं नाव लिहीत नाहीत?”

“पद्धत नाही. नाव मोजणाऱ्याचं असतं. पट्टी काय, कोणीही धरतं.”

“असं,” तो म्हणाला. आणि नकाशा स्वतःच्या हातांनी गुंडाळून आतल्या कपाटात ठेवला, कुलूप घातलं. एवढी काळजी घेणारा माणूस आजकाल मिळत नाही.

शुक्रवार, २०

धाकटीचा पाय मुरगळलाय. असं ती म्हणते. पण सकाळी शिडीवर चढून जाळी काढत होती. शेवटच्या पडताळणीची फेरी राहिली, आणि आठ दिवसांवर व्याख्यान.

बाइंडरकडून झाकण आणलं. सोबत एक बंद पाकीट. म्हणाला, पुढचं सगळं वाचता आलं, यात लिहिलंय. वर शहाणपणा असा : “हे वाचल्याशिवाय व्याख्यान देऊ नका.” नाकाला मिरच्या झोंबल्या. आता पुठ्ठे चिकटवणारा मला मोजणी शिकवणार. पाकीट तसंच या वहीच्या पाठीमागे खोचून टाकलं. नकाशा मागितला तर म्हणाला, खळ अजून ओली आहे.

खरं लिहू? पाकीट उघडायची थोडी भीतीही वाटते. यंत्र म्हणजे कोणाचं तरी खेळणं होतं असं निघालं तर? या अठरा दिवसांत मी पुन्हा माणसात आलोय.

रविवार, २२

सत्यानाश.

पट्टी धरायला बोरूला नेलं. तेच यंत्र, तीच पट्टी, तीच ठिकाणं, तोच मी. आणि एकही आकडा जुळेना. पूल १२. वाचनालय ८. बाइंडरच्या दुकानासमोर, जिथे डोंगर आहे तिथे, अकरा. आमचं स्वयंपाकघर, निळ्यात निळी जागा, तिथे बोरू उभा राहिला आणि रेघ ४३ वर गेली. “इथे मला दोन वर्षं कोणी ना कोणी जेवायला वाढलंय,” तो म्हणाला. मी म्हटलं, गप्प उभा राहा, बोलण्याने पट्टी हलते.

परतताना तळ्याजवळच्या बाकापाशी मी नुसतं चाचपून पाहायला यंत्र मांडलं. ते ठिकाण फेरीतही नव्हतं. रेघ ९८. शंभराला दोन कमी. मी ओरडलो, बोरू, नवा झरा. डोळा काढून पाहिलं तर बोरू पट्टी दोन्ही हातांनी घट्ट धरून उभा आणि डोळ्यांतून पाणी वाहतंय.

“इथे ती बसायची,” तो म्हणाला. “मी कामावरून यायची वाट बघत.”

त्याच्याजवळ जाऊन बसलो. म्हटलं, यंत्र बिघडलं असं दिसतंय. त्याने नाक पुसलं आणि हसायला लागला. “यंत्र ठणठणीत आहे रे. काखेत कळसा आणि गावाला वळसा. घरी जा आणि तुझ्या वहीतले आकडे पुन्हा बघ. वाटलेले नको, कच्चे बघ.”

सोमवार, २३

पाकीट उघडलं. बाइंडरचं अक्षर गोल आणि स्वच्छ आहे. झाकणातला कागद पुढे असा आहे :

‘पट्टी धरणारा एका नकाशात बदलू नये, कारण हे यंत्र जमीन मोजत नाही. धरणाऱ्याचा जीव त्या जागी किती आहे ते मोजते. नकाशावर पट्टी धरणाऱ्याचे नाव लिहावे. धरणाऱ्याने परवानगी दिल्याखेरीज नकाशा कोणास दाखवू नये.’

सकाळी नऊला वाचलं. आता चार वाजले. मध्ये जेवलो असेन, कारण ताट घासलेलं दिसतंय.

पुठ्ठा. तिच्या पायांखाली ठेवलेला पुठ्ठा, आणि मी तो काढायला लावला. बंद दुकान, भरती-ओहोटी. ‘तुमच्या बहिणीने काही सांगितलं का.’ मी तर माझ्या हाताने त्या माणसाच्या टेबलावर तिचा जीव पसरून आलो, आणि वर सांगितलं की पट्टी काय, कोणीही धरतं.

आणि भिंतीला टेकवलेली पट्टी. काही ओळंबा चुकला नव्हता. भिंतीला जीव नसतो, एवढंच.

मग कच्चे आकडे काढले. पायरीवरचे शेवटचे : २२, १९, १४, ११, ६. रोज सकाळी ती तीसने निघायची, पुलाखाली नव्वदला जायची, आणि परत घराच्या पायरीवर आली की एवढी उतरायची. सगळा फरक एकाच ठिकाणी होता, आमच्या दारात. आणि मी तो शाळेच्या फाटकाला, टाकीला, वाचनालयाला थोडा थोडा वाटत बसलो आणि नकाशा साफ झाला म्हणून खूष झालो. स्वयंपाकघर ९. शांत जागा म्हणे. तिथे खाट टाक म्हणे.

मला माझी लाज वाटते. एवढंच लिहितो.

मंगळवार, २४

सकाळी आधी बाइंडरकडे गेलो. त्याने कपाट उघडून नकाशा काढून दिला. खळ कधीच वाळली होती.

“तुम्हाला त्याच दिवशी कळलं होतं,” मी म्हटलं.

“कागद त्याच दिवशी वाचला.”

“मग तिला विचारलं का नाही? नकाशावर स्पष्ट आहे. त्र्याण्णव.”

“साहेब,” तो म्हणाला, “मी तिला जूनमध्ये विचारलंय, लग्न करून माझ्याबरोबर येशील का म्हणून. ती विचार करते म्हणाली. आता तिने ‘नाही’ म्हटलं तर मला ‘नाही’च ऐकलं पाहिजे. उत्तर तिने द्यायचं. तुमच्या वहीतून चोरायचं नाही.”

चौतीस वर्षांत मला इतकं सरळ कोणी ओळंब्यात उभं केलं नव्हतं.

घरी आलो. धाकटी मुलीच्या रिकाम्या खोलीत चादरी घडी करत होती. नकाशा तिच्या हातात दिला आणि म्हटलं, हा तुझा आहे. मला काय मोजतोय ते कळत नव्हतं. काल कळलं.

ती पलंगावर बसली. नकाशा उघडला नाही. “मंडळातल्या सगळ्यांना?”

“कोणालाही नाही. बोरूने ओळखलं, पण तो तोंड उघडणार नाही. आणि बाइंडरने पाहिला, त्याला मीच दिला. ती चूक माझी.”

“त्याने काय म्हटलं?”

“उत्तर तुझ्याकडूनच हवं म्हणाला.”

मग ती रडली, आणि मी लहानपणी करायचो तसं तिच्या डोक्यावर टपली मारली, कारण मला दुसरं काही येत नाही. म्हटलं, बाई गं, जीव जर तिकडे आहे तर तू इथे काय करतेस?

“तुझं कोण बघणार? गोळ्या कोण काढणार? तुला साधा चहा येत नाही.”

“येतो.”

“नाही येत.”

गेलो आणि केला. पाणी जास्त, साखर दोनदा, पत्ती जळाल्यासारखी. तिने पहिला घोट घेतला आणि तिचा चेहरा असा झाला की मी हसू दाबलं. पण तिने पूर्ण कप संपवला. खाली ठेवून म्हणाली, “वाईट आहे. पण पिता येतो.” मग बराच वेळ कपाच्या तळाकडे बघत बसली, उठली, पदर नीट केला, चपला घातल्या.

“पाय?” मी म्हटलं.

“बरा झाला,” ती म्हणाली, आणि पुलाच्या दिशेने गेली. खिडकीतून पाहिलं. मुरगळलेल्या पायाने कोणी इतकं भरभर चालत नाही.

शनिवार, २८

मंडळात गेलो. भिंत रिकामी, खिळे तेवढे ठोकलेले. उभा राहिलो आणि म्हटलं, यंत्र खरं आहे, पण महिनाभर मी चुकीची गोष्ट मोजत होतो, आणि नकाशा माझा नसल्यामुळे दाखवता येत नाही. पाठीमागून कोणीतरी “फरकवाले” म्हणालं आणि सगळे हसले. पूर्वी असतं तर आठ दिवस झोपलो नसतो. आज मीही हसलो.

मग एकच गोष्ट मागितली. म्हटलं, आपण सगळ्यांनी मिळून शेकडो नकाशे केले. ज्याने पट्टी धरली, चिखलात, काट्यांत, उन्हात उभा राहिला, त्याचं नाव आपल्यापैकी कोणी कधी लिहिलंय? कोणी हसलं नाही. सगळ्यांत म्हातारे, ज्यांच्या हाताखाली मी शिकलो, ते बराच वेळ आठवत राहिले आणि शेवटी म्हणाले, “माझ्याबरोबर बावीस वर्षं एकच माणूस होता. मला त्याचं आडनावसुद्धा माहीत नाही.”

घरी आलो तर धाकटी आणि बाइंडर पेट्या बांधत होते. तो पुस्तकं बांधतो तशाच पेट्या बांधतो, कोपऱ्यांपासून. काल देवळात हार घालून नोंदणी कार्यालयात सह्या झाल्या. साक्षीदार म्हणून मी आणि बोरू. बोरूची सही नकाशावरच्या अक्षरांसारखी. माझी मात्र वाकडी आली. मुलगी फोनवर म्हणाली, “बाबा, आत्याचं हे मला तीन वर्षांपासून माहीत आहे. तुम्हाला कसं नाही कळलं?”

सोमवार, ३०

गाडी अकराची होती. नऊ वाजता धाकटी तयार होऊन माझ्या खोलीत आली, चपला काढल्या आणि कोपऱ्यातली पट्टी उचलली.

“एक जागा राहिलीय,” ती म्हणाली. “तुझी खुर्ची.”

म्हटलं, राहू दे. मला भीती वाटत होती, ते ९ सारखं काही निघालं तर. पण ती खुर्चीशेजारी जाऊन दोन्ही हातांनी पट्टी धरून उभी राहिली. एकोणीस वर्षांत जशी उभी राहिली तशी. मग मी यंत्र दाराशी मांडलं आणि डोळा लावला.

शहाण्णव.

आकडा तिला बोटांनी दाखवला. ती म्हणाली, “मग? मला वाटलंच होतं. स्वयंपाकघराचा कंटाळा आला म्हणजे तुझा आला असं नाही काही. तुला सगळं एकाच पट्टीने मोजायची सवय.”

नंतर मी बूट काढले. आयुष्यात पहिल्यांदा पट्टी धरायला घेतली. चौतीस वर्षं नुसतं ‘सरळ धर, सरळ धर’ ओरडत आलो. जड असते. खांदे भरून येतात. पायरीवर जाऊन उभा राहिलो, जिथे तिचे आकडे रोज पडत होते तिथे, आणि म्हटलं, “बघ. तुला ती रेघ बघायची होती ना.”

ती दुर्बिणीशी वाकली. मला अर्थात काही दिसत नव्हतं, पट्टी धरणाऱ्याला कधीच काही दिसत नाही. फक्त ती दिसत होती. एक डोळा मिटलेला, ओठ दाबलेले. खूप वेळ वाकून राहिली. रस्त्यावर बाइंडर पेट्यांजवळ उभा होता, त्याने घड्याळाकडे एकदाही पाहिलं नाही.

“किती?” मी विचारलं.

“लिहून ठेवते,” ती म्हणाली. तिने ही वही घेतली, पेन्सिलने काहीतरी लिहिलं आणि मिटून माझ्या काखेत दिली. “गाडी गेल्यावर बघ. आणि गोळ्या दिव्याजवळ आहेत, चष्मा डोक्यावर आहे.”

चष्मा खरंच डोक्यावर होता.

गाडीवर बोरू आला होता. धाकटी खिडकीतून हात हलवत राहिली, बाइंडर बिचारा तिच्या मागून दोन बोटं हलवत होता. बोरू आणि मी तळ्याच्या बाकावर जाऊन बसलो. उद्यापासून त्याचा नकाशा काढायचाय, त्याची परवानगी आहे. तो म्हणतो, पट्टी तोच धरणार, मी नुसतं वाचायचं आणि तोंड बंद ठेवायचं. मला आत्तापासूनच उद्याची घाई झालीय.

घरी येऊन चहा केला. पिता येतो. धाकटीच्या नकाशाची एक प्रत माझ्याकडे ठेवायला तिने परवानगी दिली होती, ती काढली, कोपऱ्यातलं माझं नाव खरवडून काढलं आणि तिथे तिचं पूर्ण नाव लिहिलं, ठळक.

मग वही उघडली. ठिकाण : आमची पायरी. पट्टी धरणारा : दादा. आकड्याचा रकाना तिने कोरा सोडलाय. शेऱ्याच्या रकान्यात, तिच्या बारीक अक्षरात :

पट्टी अपुरी.